बंद पडलेल्या प्रादेशिक फुटबॉल लीगचा इतिहास कसा लिहावा

प्रादेशिक फुटबॉल लीग बंद पडते तेव्हा मैदाने राहतात, खेळाडू राहतात, बहुतेक वेळा क्लबही राहतात. नाहीसे होते ते लीगचे दप्तर. अशा लीगला स्वतःची इमारत क्वचितच असते. चिटणिसाच्या घरातले एक कपाट, त्यात इतिवृत्ताच्या वह्या, खेळाडूंच्या नोंदणीचे कागद आणि जुने गुणतक्ते, एवढाच तिचा संसार. आणि चिटणीस वारला किंवा घरच्यांनी आवराआवर केली की तोही उरत नाही. म्हणून ज्याला असा इतिहास लिहायचा आहे त्याने उशीर करू नये. उदाहरणे मी मुख्यतः इंग्लंडमधली घेतली आहेत, कारण तिथे प्रादेशिक लीग पुष्कळ होऊन गेल्या आणि त्यांच्या आरंभाची व अखेरीची वर्षे पक्की ठाऊक आहेत. पद्धत मात्र कोणत्याही देशातल्या लीगला लागू पडते.

सुरुवात सभासदांच्या यादीपासून

बहुतेक जण विजेत्यांच्या यादीपासून सुरुवात करतात, कारण ती सहज मिळते. चषकावर नावे कोरलेली असतात, क्लबांच्या स्मरणिकांतही ती छापलेली असतात. परंतु विजेत्यांच्या यादीवरून लीग कशी जगली हे कळत नाही. लीग हा मुळात क्लबांनी आपसात केलेला करार असतो: या हंगामात आपण सगळे एकमेकांशी दोनदा खेळू, एकदा तुमच्या मैदानावर आणि एकदा आमच्या, आणि अर्धवट सोडून जाणार नाही. हा करार कुणी केला, त्यात नंतर कोण आले आणि कोण बाहेर पडले, हा माझ्या मते लीगच्या इतिहासाचा कणा आहे. म्हणून पहिल्या दिवसापासून एक तक्ता करावा. प्रत्येक हंगामाला एक ओळ, त्या ओळीत त्या वर्षीचे सर्व क्लब, आणि पुढे दोन रकाने: नवे आलेले कुठून आले आणि गेलेले कुठे गेले.

हा तक्ता काय दाखवतो ते अथेनियन लीगच्या उदाहरणावरून पाहता येईल. लंडन आणि आसपासच्या हौशी क्लबांची ही लीग १९१२ मध्ये सुरू झाली आणि १९८४ मध्ये बंद पडली. एवढीच दोन वर्षे दिली, तर १९८४ मध्ये एकाएकी काहीतरी घडले असावे असा वाचकाचा समज होतो. प्रवेश आणि निर्गमन ओळीने मांडले की वेगळेच चित्र उभे राहते. १९६३ मध्ये कॉरिंथियन लीग आणि डेल्फियन लीग या दोन शेजारच्या लीग बंद झाल्या आणि त्यांचे क्लब अथेनियनमध्ये येऊन तिचे तीन विभाग झाले. कागदावर ती कधी नव्हे इतकी मोठी झाली. पण त्याच वर्षी एनफिल्ड आणि हेंडन हे तिचे दोन बलाढ्य क्लब इस्थमियन लीग या दुसऱ्या हौशी लीगमध्ये निघून गेले. १९६५ मध्ये बार्नेट या क्लबाने व्यावसायिक होऊन सदर्न लीगची वाट धरली. १९७३ मध्ये इस्थमियन लीगने दुसरा विभाग काढला आणि तो मुख्यतः अथेनियनच्याच क्लबांनी भरला. १९७७ मध्ये आणखी एक विभाग काढला, तेव्हाही तेच झाले. दरम्यान १९७४ मध्ये इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेने हौशी आणि व्यावसायिक हा भेदच रद्द केला, म्हणजे ज्या भेदावर ही लीग उभी होती तोच उरला नाही. १९८४ मध्ये उरलेले क्लब इस्थमियनच्या वाढवलेल्या विभागांत गेले आणि लीगचे काम थांबले. ती वीस वर्षे थोडी थोडी रिकामी होत होती, ही गोष्ट विजेत्यांची यादी कितीही वेळा वाचली तरी हाती लागली नसती.

अखेर कोणत्या प्रकारची होती ते आधी ठरवावे

लीग कशी संपली हे प्रकरण शेवटी लिहायचे असले तरी त्याचा शोध आधी घ्यावा लागतो, कारण कागदपत्रे कुठे शोधायची ते त्यावर अवलंबून असते. चेशायर काउंटी लीग आणि लँकशायर कॉम्बिनेशन या दोन लीग १९८२ मध्ये एकत्र येऊन नॉर्थ वेस्ट काउंटीज लीग तयार झाली. त्याच वर्षी मिडलंड लीग आणि यॉर्कशायर लीग मिळून नॉर्दर्न काउंटीज ईस्ट लीग झाली. असे विलीनीकरण झाले असेल, तर जुने दप्तर नव्या लीगकडे गेले असण्याचा संभव असतो, आणि पहिले पत्र तिच्या चिटणिसाला लिहावे. फुटबॉल अलायन्स ही १८८९ ची बारा क्लबांची लीग १८९२ मध्ये ‘फुटबॉल लीग’ याच नावाच्या इंग्लंडच्या मुख्य व्यावसायिक लीगमध्ये सामावली गेली आणि तिच्यातूनच दुसरा विभाग उभा राहिला; अशा वेळी वरच्या लीगच्या इतिवृत्तात शोध घ्यावा.

पश्चिम जर्मनीतल्या पाच ओबरलीगांचे, म्हणजे प्रादेशिक लीगांचे, पहिल्या श्रेणीचे स्थान १९६३ मध्ये संपले ते राष्ट्रीय संघटनेच्या निर्णयाने, बुंडेसलीगा ही एकच राष्ट्रीय लीग सुरू करण्यासाठी. सोळा जागांपैकी दक्षिण आणि पश्चिम ओबरलीगांना प्रत्येकी पाच, उत्तरेला तीन, नैर्ऋत्येला दोन आणि बर्लिनला एक जागा मिळाली. इथे खरा इतिहास निवडीच्या कागदांत आहे, म्हणजे कुणाचा अर्ज का नाकारला गेला यात. अमेरिकेच्या ईशान्य भागातल्या अमेरिकन सॉकर लीगचे (१९२१ ते १९३३) उदाहरण भांडणाचे आहे. राष्ट्रीय चषक स्पर्धेत आपल्या क्लबांनी खेळू नये असे या लीगने १९२८ मध्ये ठरवले, बेथलेहेम स्टील आणि आणखी दोन क्लबांनी ते मानले नाही, त्यांना काढून टाकण्यात आले, आणि राष्ट्रीय संघटना व लीग यांच्यात उघड संघर्ष पेटला. पाठोपाठ महामंदी आली. भांडणाने खंगलेल्या लीगबद्दल लिहिताना दोन्ही बाजूंचे कागद मिळेपर्यंत कारणमीमांसा लिहू नये.

आणि काही लीग नुसत्या मोडून पडतात. इंग्लंडमध्ये १८८८ साली सुरू झालेल्या द कॉम्बिनेशन या लीगमध्ये सामने क्लबांनी आपसात ठरवायचे होते, सगळ्यांना बांधून ठेवणारी मध्यवर्ती व्यवस्था नव्हती. एप्रिल १८८९ मध्ये हंगाम पुरा होण्याआधीच तिचा कारभार आटोपला. अशा लीगचा अधिकृत अंतिम गुणतक्ता असा काही नसतोच. तो आपण वृत्तपत्रांतले निकाल जुळवून केला असेल, तर तक्त्याच्या डोक्यावरच तसे स्पष्ट लिहावे.

नावांची फसगत

जुन्या वृत्तपत्रांचे स्कॅन केलेले अंक आता शब्द टाकून शोधता येतात, आणि त्यामुळे एक नवा धोका निर्माण झाला आहे: आजच्या नावाने शोधले की काही सापडत नाही, आणि शोधणाऱ्याला वाटते की बातमीच आलेली नाही. फुटबॉल अलायन्सच्या काळात मँचेस्टर युनायटेड हे नाव अस्तित्वात नव्हते. तो क्लब १९०२ पर्यंत न्यूटन हीथ होता. मँचेस्टर सिटी १८९४ पर्यंत आर्डविक होता. स्मॉल हीथ १९०५ मध्ये बर्मिंगहॅम झाला आणि बर्मिंगहॅम सिटी व्हायला १९४३ साल उजाडले. शेफील्ड वेन्सडे १९२९ पर्यंत अधिकृतपणे नुसता द वेन्सडे होता, म्हणजे बुधवार. हा शब्द शोधयंत्राला दिला तर काय होईल ते वेगळे सांगायला नको. अमेरिकेतल्या बेथलेहेम स्टीलने अमेरिकन सॉकर लीगचा पहिला हंगाम १९२१-२२ मध्ये फिलाडेल्फियाच्या नावाने खेळून जिंकला. म्हणून प्रत्येक क्लबाला एक कायमचा क्रमांक द्यावा आणि त्याच्यापुढे त्याची सगळी नावे, ती कोणत्या वर्षापासून कोणत्या वर्षापर्यंत होती यासह लिहावीत. मजकुरात मात्र त्या त्या काळचेच नाव वापरावे. शोध घेताना क्लबाच्या नावासोबत मैदानाचे नावही टाकून पाहावे, कारण बातमीदार पुष्कळदा क्लबाऐवजी मैदानाचाच उल्लेख करतात.

साधने आणि त्यांचे मोल

मराठी इतिहासलेखनात बखर आणि अस्सल कागद असा भेद करतात. लीगच्या बाबतीत स्मरणिका म्हणजे बखर. सुवर्णमहोत्सवी अंकात लिहिलेल्या आठवणी मोलाच्या असतात, पण त्या घटनेनंतर पंचवीस-तीस वर्षांनी, जिव्हाळ्याने आणि एकमेकांचे ऐकून लिहिलेल्या असतात. अस्सल कागद म्हणजे कार्यकारी समितीचे इतिवृत्त, वार्षिक सर्वसाधारण सभेचा अहवाल, जमाखर्च, पंचांनी पाठवलेले अहवाल, खेळाडूंच्या नोंदणीची वही. इतिवृत्त मिळाले तर दंडांची प्रकरणे आधी वाचावीत. कोणता क्लब सामन्याला उशिरा पोचला, कुणी अपुरे खेळाडू आणले, कुणाची वर्गणी थकली, हे क्षुल्लक वाटणारे ठराव पुढे तोच क्लब माघार घेतो तेव्हा कारण म्हणून उभे राहतात.

इतिवृत्त बहुधा मिळत नाही, आणि मग सगळा भार वृत्तपत्रांवर येतो. इथे एक गोष्ट मनाशी पक्की ठेवावी. ब्रिटनमध्ये शनिवारी सामने संपताच तासा-दोन तासांत खास क्रीडा आवृत्त्या निघत, पुष्कळदा गुलाबी किंवा हिरव्या कागदावर. त्यांचा मजकूर मैदानावरून दूरध्वनीने तुकड्यातुकड्यांनी येई आणि अंक छपाईला सुटेपर्यंत जेवढे कळले तेवढे छापले जाई. त्यामुळे उशिरा सुरू झालेल्या सामन्याचा शेवटचा गोल त्या अंकात नसणे अगदी शक्य असते. शनिवारच्या अंकातला निकाल सोमवारच्या अंकाशी ताडून पाहावा, आणि दोन्ही क्लबांच्या गावांतली वृत्तपत्रे वेगवेगळी वाचावीत. यजमान गावाच्या वृत्तपत्रात वृत्तांत सविस्तर असतो; पाहुण्यांच्या वृत्तपत्रात संघ का हरला याचे स्पष्टीकरण असते, आणि कोण खेळाडू कामावरून सुटू शकला नाही, कोणाची गाडी चुकली असले तपशील तिथेच सापडतात.

प्रत्येक सामन्याची नोंद संगणकावरच्या तक्त्यात एका ओळीत करावी: तारीख, मैदान, दोन्ही संघ, गोल, आणि अखेरच्या रकान्यात ही माहिती कोणत्या वृत्तपत्राच्या कोणत्या तारखेच्या अंकातून घेतली ते. हा अखेरचा रकाना टाळण्याचा मोह सगळ्यांना होतो, पण तीन महिन्यांनी एखाद्या निकालाबद्दल शंका आली की त्याच्याशिवाय सगळे काम पुन्हा करावे लागते.

गुणतक्ता तपासण्याची रीत

छापलेला गुणतक्ता बरोबर आहे असे कधीही गृहीत धरू नये. साध्या बेरजांनी तो तपासता येतो. प्रत्येक संघ इतर सर्वांशी दोनदा खेळत असेल, तर एकूण सामने म्हणजे संघांची संख्या गुणिले त्याहून एकाने कमी संख्या. बारा संघांचे १३२ सामने. एकूण विजय आणि एकूण पराभव सारखेच आले पाहिजेत. बरोबरीच्या रकान्याची बेरीज समसंख्या आली पाहिजे, कारण एक सामना बरोबरीत सुटला की तो दोन संघांच्या नावे पडतो. केलेले गोल आणि झालेले गोल यांची बेरीज एकच आली पाहिजे. विजयाला दोन गुण असतील, तर एकूण गुण सामन्यांच्या दुप्पट, म्हणजे बारा संघांत २६४.

समजण्यासाठी चार संघांचा एक कल्पित तक्ता घेऊ. पहिला संघ ४ विजय, १ बरोबरी, १ पराभव, गोल १३-६, गुण ९. दुसरा ३, १, २, गोल १०-८, गुण ७. तिसरा २, १, ३, गोल ८-१०, गुण ५. चौथा १, १, ४, गोल ५-११, गुण ३. विजय १०, पराभव १०, बरोबरीचा रकाना ४ म्हणजे दोन सामने, एकूण १२ सामने, बरोबर. गुण २४, बरोबर. केलेले गोल मात्र ३६ आणि झालेले ३५. म्हणजे कुणीतरी केलेला एक गोल कुणावरच झालेला नाही. गुण जुळत असल्यामुळे निकाल बदललेला नसावा, फक्त एखाद्या सामन्यातला आकडा चुकला असावा. आता बारा सामन्यांचे वृत्तांत दोन्ही गावांच्या वृत्तपत्रांतून काढावेत, आणि ज्या सामन्याबद्दल एक वृत्तपत्र ३-० आणि दुसरे ४-० म्हणते तिथे थांबावे. बहुधा तक्ता करणाऱ्याने विजयी संघाच्या ओळीत दुरुस्ती केली आणि पराभूत संघाच्या ओळीत करायची राहून गेली. बेरजा जुळल्या म्हणून तक्ता निर्दोष ठरत नाही हेही ध्यानात ठेवावे; दोन चुका एकमेकींना झाकू शकतात.

क्रमवारी त्या वेळच्या नियमाप्रमाणेच लावावी. समान गुण झाल्यास पूर्वी गोलसरासरी पाहत, म्हणजे केलेल्या गोलांना झालेल्या गोलांनी भागत. इंग्लंडच्या फुटबॉल लीगमध्ये गोलफरक, म्हणजे केलेल्या गोलांतून झालेले गोल वजा करून येणारा आकडा, १९७६-७७ च्या हंगामापासून आला आणि विजयाला तीन गुण १९८१-८२ पासून. प्रादेशिक लीगांनी हे बदल आपापल्या सोयीने केले, म्हणून लीगचीच नियमावली शोधावी. फरक किरकोळ नाही. एका संघाचे गोल ६०-३० आणि दुसऱ्याचे ७०-३७ असतील, तर सरासरीने पहिला वर राहतो (२.०० विरुद्ध १.८९) आणि फरकाने दुसरा (३० विरुद्ध ३३). आजच्या सवयीने तक्ता लावणारा माणूस इथे विजेताच बदलून ठेवील.

बेरजा जुळत नाहीत तेव्हा चुकीशिवाय आणखीही कारणे असतात. कुणाचे गुण कापलेले असतात, एखादा सामना न खेळताच बहाल केलेला असतो, काही सामने खेळलेच गेलेले नसतात. डेल्फियन लीगचा १९६२-६३ चा हंगाम त्या वर्षीच्या भयंकर हिवाळ्याने पुरा होऊ दिला नाही. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध सुरू होताच इंग्लंडच्या लीगांचे हंगाम थांबले, आणि फुटबॉल लीगने तोवर झालेले सामने अधिकृत नोंदीतून वगळले. हंगामाच्या मध्यावर क्लब नाहीसा झाला तर काय करायचे, याचेही एकच उत्तर नाही. ऑक्टोबर १९१९ मध्ये लीड्स सिटीला फुटबॉल लीगमधून काढून टाकले तेव्हा तिचे आठ सामन्यांचे गुण आणि उरलेले सामने पोर्ट व्हेलने आपल्या नावावर घेतले. मार्च १९६२ मध्ये ॲक्रिंग्टन स्टॅन्लीने माघार घेतली तेव्हा मात्र तिचे सगळे निकाल पुसून टाकण्यात आले. पुसलेले सामने गुणतक्त्यात धरू नयेत, पण इतिहासातून वगळूही नयेत. ते खेळले गेले होते, आणि कुणाच्या तरी कारकिर्दीतला एकमेव गोल त्यांत असू शकतो. त्यांच्यासाठी वेगळी यादी ठेवावी.

जिवंत साक्षी

खेळाडू, पंच, चिटणीस, मैदानाची निगा राखणारे, यांतले जे हयात असतील त्यांच्याकडे वृत्तपत्रांचे काम निम्मे झाल्यावर जावे, आधी नाही. आपल्यापाशी तारखा आणि नावे असली की त्यांना आठवायला आधार मिळतो. सोबत संघाचे जुने छायाचित्र किंवा एखाद्या हंगामाचा तक्ता न्यावा. निकाल विचारू नये. माणसाला निकाल चुकीचे आठवतात आणि प्रवास बरोबर आठवतो. बस कुठून निघायची, कपडे कुठे बदलायचे, मैदानाच्या कोणत्या कोपऱ्यात पाणी साचायचे, मानधन मिळत असेल तर ते कुणाच्या हातून आणि कशात घालून मिळायचे, हे विचारावे. लीग संपते आहे हे तुम्हाला पहिल्यांदा कधी जाणवले, हा प्रश्न प्रत्येकाला विचारावा आणि उत्तर मध्ये न बोलता ऐकावे.

छायाचित्र समोर ठेवून मागच्या रांगेतली नावे डावीकडून उजवीकडे लिहून घ्यावीत, आणि कुणाचे नाव आठवत नसेल तर ती जागा मोकळी सोडावी, अंदाजाने भरू नये. छायाचित्र आणि आठवणी छापण्याची परवानगी लेखी घ्यावी. भांडणे आणि पैशाची प्रकरणे एकाच माणसाच्या सांगण्यावरून कधीही लिहू नयेत.

लिहिताना

लिखाणाचा क्रम कालानुसार ठेवणे सोपे असते, पण ऐंशी हंगामांचे ऐंशी सारखे परिच्छेद कोणी वाचत नाही. ज्या वर्षी सभासदांची यादी पुष्कळ बदलली त्या वर्षाजवळ थांबावे, सभा, मतदान, पत्रव्यवहार सगळे सविस्तर मांडावे. शांत गेलेली वर्षे दोन वाक्यांत आटपावीत, त्यांचे तक्ते परिशिष्टात असतातच. न मिळालेला निकाल मोकळ्या चौकटीने दाखवावा. मोकळी चौकट पाहूनच एखाद्या वाचकाला घरातले जुने कात्रण आठवते, आणि म्हणून पहिली आवृत्ती अपुरी असली तरी लवकर बाहेर काढावी. तक्त्याच्या आणि स्कॅन केलेल्या कागदांच्या प्रती निदान दोन वेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात, त्यांपैकी एक सार्वजनिक ग्रंथालयात किंवा अभिलेखागारात, म्हणजे हे दप्तरही पुन्हा कुणाच्या घरातल्या कपाटापुरते राहणार नाही.

शेवटच्या हंगामासाठी वेळ राखून ठेवावा. लीगचा अखेरचा सामना कोणता होता हे नेमके शोधून काढावे. तो पुष्कळदा विजेतेपदाचा नसतो, तर हवामानामुळे पुढे ढकलला गेलेला, तक्त्याच्या मधल्या दोन संघांमधला, आठवड्याच्या मध्ये संध्याकाळी उरकलेला सामना असतो, आणि वृत्तपत्रात त्याला दोनच ओळी मिळालेल्या असतात. त्या आठवड्याचे आणि पुढच्या आठवड्याचेही अंक पहिल्या पानापासून वाचावेत, कारण निकाल एका अंकात येतो आणि गोल करणाऱ्याचे नाव कधी कधी दुसऱ्या.